‘भानगड’ नावाचा गुन्हा

आपल्या नांदेड-लातूरकडे नोकरीच्या जागी एका बाईचं आणि एका पुरुषाचं नाव एकत्र घेतलं गेलं की त्याला एकच शब्द आहे : भानगड. दोघांचं एकमेकांवर मन बसलंय, लग्न करायचंय, ही भानगड. साहेब तिला रोज सुट्टीनंतर थांबवून घेतो, ती रडकुंडीला आलीय, हीही भानगड. दोघं दुपारी एका डब्यात जेवतात, दुसरं काही नाही, तरी भानगडच. ‘तिची तिथं काहीतरी भानगड झाली, म्हणून सोडवून घेतली,’ एवढं वाक्य पुरतं. कुणी पुढं विचारत नाही. आणि विचारत नाही म्हणूनच हा शब्द इतका सोयीचा आहे.

कारण या सगळ्या प्रकारांत जो एकच प्रश्न महत्त्वाचा आहे तो हा शब्द खाऊन टाकतो. तिला ते हवं होतं का? की नको होतं? ज्या भाषेत बाईच्या ‘हो’ला आणि ‘नाही’ला एकच नाव आहे, तिथं तिचं दोन्हीही ऐकू येणार नाही. माझा या लेखातला मुद्दा एवढाच आहे, आणि तो आपल्यातल्या अनेकींना रुचणार नाही याची मला कल्पना आहे : प्रेम करणाऱ्या बाईला जोवर आपण संशयित समजू, तोवर छळ झालेल्या बाईलाही न्याय मिळणार नाही. दोघींना एकाच दाराआड कोंडलेलं आहे.

गेली नऊ वर्षं या दोन जिल्ह्यांत समुपदेशनाचं काम करताना ज्या केसेस पाहिल्या, त्यांतल्या दोन सांगते. नावं-गावं अर्थातच सांगणार नाही.

एका खासगी दवाखान्यातली नर्स, वय सव्वीस. तिथल्याच प्रयोगशाळेतल्या मुलाशी तिचं जमलं. जात वेगळी. दोघांच्या कामात कसूर नव्हती, हे मालकीणबाईंनीही माझ्याजवळ कबूल केलं. एक दिवस दवाखान्यातून तिच्या वडिलांना फोन गेला. ‘तुमची पोरगी सांभाळा, उद्या आमच्या नावानं बोंब नको.’ संध्याकाळी काका आणि चुलतभाऊ गाडी घेऊन आले. तिचे सव्वीस दिवसांचे पैसे राहिले, अनुभवाचं प्रमाणपत्र राहिलं, फोन काढून घेतला गेला. मुलाच्या घरी फोन गेला नाही. मी विचारलं, का हो? मालकीणबाई म्हणाल्या, ‘तो पोरगाए. त्याचं काय बिघडतं?’

दुसरी, एका डाळ मिलमध्ये हिशेब लिहिणारी बाई. नवऱ्यानं सोडलेली, पदरी एक लेकरू. मालकाचा नातेवाईक तिच्या मागं लागला. फोन, रात्रीचे मेसेज, मग गोदामात वाट अडवणं. तिनं चार महिने सहन केलं आणि मग तोंड उघडलं. मिलमधली माणसं काय म्हणाली असतील? ‘आधी जमत होतं, आता बिनसलं.’ पुरावा काय, तर ती त्याच्याशी हसून बोलायची. मालकाच्या नातेवाइकाशी हसून न बोलता तिथं नोकरी कशी करायची असते, हे कुणी सांगितलं नाही. तिलाही घरीच बसावं लागलं.

आता पाहा. एकीनं हो म्हटलं होतं, एकीनं नाही म्हटलं होतं. दोघींचाही निकाल एकच लागला. दोघींच्याही फायलीवर, म्हणजे फाईल असलीच तर, एकच शेरा पडला असता.

१३ ऑगस्ट १९९७ रोजी सर्वोच्च न्यायालयानं विशाखा खटल्याचा निकाल दिला आणि कामाच्या ठिकाणच्या लैंगिक छळाची व्याख्या केली. त्या व्याख्येचा कणा एकच शब्द आहे : नकोसं. नकोसा स्पर्श, नकोशी मागणी, नकोसं बोलणं. २०१३ च्या कायद्यानंही तोच शब्द घेतला. म्हणजे कायद्यानं बाईच्या इच्छेला मधोमध बसवलं. तिला नको असेल तर तो छळ आहे, मग समोरचा कितीही ‘चांगल्या घरचा’ असो. आणि तिला नको नसेल, तर त्या कायद्याला तिथं काही काम नाही. प्रेमाला बंदी करणारं एक कलमही त्या कायद्यात नाही. पण आपल्या भागातल्या कितीतरी संस्थाचालकांची पक्की समजूत आहे की ‘ती समिती’ स्टाफमधल्या भानगडी मिटवायला सरकारनं सांगितलेली आहे!

‘हे शहरातलं फॅड आहे, आपल्याकडं माणसं घरासारखी राहतात,’ असं जे म्हणतात त्यांनी विशाखा निकाल कुठून आला ते आठवावं. तो मुंबईच्या काचेच्या कचेरीतून आला नाही. राजस्थानातल्या एका खेड्यातली भंवरी देवी, सरकारी कार्यक्रमात साथिन म्हणून काम करणारी, जातीनं कुंभार. आपलं काम म्हणून तिनं गावातल्या वरचढ जातीच्या घरातला बालविवाह अडवायचा प्रयत्न केला, आणि १९९२ साली तिच्यावर सामूहिक बलात्कार झाला. तिचं कामाचं ठिकाण म्हणजे तिचं गाव होतं. सगळे एकमेकांना ओळखणारे, काका-मामा म्हणणारे. घट्ट विणीच्या समाजात बाई सुरक्षित असते म्हणणाऱ्यांना याहून स्पष्ट उत्तर काय द्यायचं?

ही घट्ट वीण आपल्याकडे कशी चालते ते बाहेरच्यांना समजत नाही, म्हणून जरा सविस्तर लिहिते. मुळात नोकरी लागते ती ओळखीनं. लातूरच्या क्लासेसमध्ये, दवाखान्यांत, कापडाच्या दुकानांत, पतसंस्थांत, नांदेडच्या शोरूममध्ये जाहिरात वाचून आलेली मुलगी विरळा. कुणीतरी मामा, कुणीतरी सरपंच, कुणीतरी गुरुजी शब्द टाकतो. ‘आपलीच पोरगीए, बघा.’ मग मालक पगार देणारा राहत नाही, तो बापाचा मुखत्यार होतो. तिला खोली मिळते तीही गाववाल्याच्या घरात. शिपाई तिच्या तालुक्याचा, रिक्षावाला भावकीतला, मेसवाल्या मावशी आत्याच्या ओळखीच्या. सकाळी कुणाबरोबर चहा घेतला ते दुपारी मुखेडला, निलंग्याला पोचलेलं असतं. पुण्या-मुंबईत मुलगी एकटी पडते हे खरं, पण आपल्याकडे तिला एकटं पडायचीही सोय नाही.

याच विणीनं तिला सांभाळलेलंही आहे, हे मी नाकारत नाही. आजारी पडली तर मेसच्या मावशीच पेज करून देतात. रात्रपाळी संपल्यावर तोच रिक्षावाला पैसे न घेता सोडतो. आणि नात्याची हाक! कामाच्या जागी प्रत्येक पुरुषाला दादा, काका, भाऊ म्हणणं हे आपल्या मुलींनी स्वतःच शोधलेलं चिलखत आहे. कित्येक कचेऱ्यांत राखीपौर्णिमेला राख्यांचा ढीग असतो. तिथं कुणी कुणाला का राखी बांधली, याचा एक अख्खा शोधनिबंध होईल. पण चिलखताची दुसरी बाजूही पाहू या. ज्याला एकदा ‘दादा’ म्हटलं त्याच्यावर पुढं प्रेम बसलं तर ते पापच. आणि ‘बेटा, बेटा’ म्हणत पाठीवरून हात फिरवणाऱ्या साहेबाविरुद्ध तक्रार केली तर ‘ते तर तुला लेकीसारखं मानायचे’. नात्याचा शब्द आला की इच्छेचा शब्द संपतो.

मग संस्कृतीचं हत्यार बाहेर येतं. ‘मराठवाड्याची संस्कृती वेगळी आहे.’ कुणाची, हे विचारायला हवं. देगलूरपासून उदगीरपर्यंत एकेका घरात मराठी, तेलुगू, कन्नड, उर्दू नांदते. एका समाजात मामाच्या मुलाशी लग्न हा हक्क, तर शेजारच्या समाजात तेच बहीण-भावाचं नातं. मग नक्की कोणती संस्कृती बुडते आहे? बरं, इतिहासच काढायचा तर आपल्या वेशीपलीकडचं बसवकल्याण काढू. निलंग्याहून ते किती लांब आहे? बाराव्या शतकात तिथं बसवण्णांच्या भोवती कष्टकऱ्यांचा मेळा जमला. चांभार, न्हावी, नावाडी, धोबी, आणि ब्राह्मणही. त्यांना जोडणारा धागा जातीचा नव्हता, कायकाचा होता. कायक म्हणजे श्रम, काम. परंपरा सांगते की त्याच मेळ्यातल्या हरळय्या चांभाराचा मुलगा शीलवंत आणि मधुवरस या ब्राह्मणाची मुलगी लावण्यवती यांचं लग्न झालं. बिज्जळ राजानं शिक्षा कुणाला दिली? लग्नाला होकार देणाऱ्या दोन्ही बापांना. हालहाल करून मारलं. एकत्र काम करणारी माणसं जात मोडून सोयरीक करतील ही भीती आठशे वर्षांपूर्वीच्या सत्तेलाही होती. लातूर जिल्ह्यातली असंख्य घरं बसवण्णांना मानतात, त्यांच्या जयंतीला मिरवणूक काढतात. त्या घरांतून जेव्हा ‘संस्कृती’चा फोन दवाखान्यात येतो, तेव्हा त्यांना हरळय्याची आठवण करून द्यायला काय हरकत आहे?

कारण भानगडीतला पहिला प्रश्न प्रेमाचा नसतोच. ‘तो कुणाचा?’ हा असतो. ज्या नांदेड जिल्ह्यात १९७८ साली विद्यापीठाला बाबासाहेबांचं नाव देण्याच्या ठरावावरून दलित वस्त्या जळाल्या, तिथं या प्रश्नाचा अर्थ समजावून सांगायला नको. शेतीत, वस्तीत, विहिरीवर जाती वेगळ्या ठेवता आल्या. पण दवाखान्यात, बँकेत, क्लासमध्ये, मॉलच्या काउंटरवर त्या शेजारी-शेजारी उभ्या राहतात, आठ-दहा तास, वर्षानुवर्षं. मुलामुलीला एकमेकांचं काम दिसतं, स्वभाव दिसतो, पगार दिसतो. पाहुणे कांदेपोहे खाऊन जेवढं बघून जातात त्यापेक्षा पुष्कळ जास्त. कामाची जागा ही आपल्या भागातली जात मोडू शकणारी बहुधा पहिली जागा आहे, आणि म्हणूनच तिच्यावर एवढा पहारा आहे.

पहारा म्हणजे काय, हेही स्पष्ट बोलू. जुलै २०१७ मध्ये भोकर परिसरात बहिणीला आणि तिच्या प्रियकराला भावानं मारलं. २०१९ साली भोकरच्या न्यायालयानं त्याला फाशीची शिक्षा सुनावली. जानेवारी २०२३ मध्ये पिंपरी महिपाल इथं होमिओपॅथी शिकणाऱ्या मुलीला बापानं, भावानं, नातेवाइकांनी मारून जाळलं आणि राख ओढ्यात टाकली. २७ नोव्हेंबर २०२५ रोजी नांदेड शहरात वीस वर्षांच्या दलित मुलाचा खून झाला, आरोपी मुलीचे वडील आणि भाऊ. त्या मुलीनं त्याच्या मृतदेहाशी लग्न लावलं आणि त्याच्या घरी राहायला गेली. यांतलं एकही प्रेम नोकरीच्या जागेचं नव्हतं. मग इथं का सांगते? कारण हे जिल्ह्यातल्या प्रत्येक दवाखान्याच्या, क्लासच्या, पतसंस्थेच्या चालकानं पेपरात वाचलेलं आहे. हे वाचून झाल्यावर सव्वीस वर्षांच्या स्वतंत्र बाईच्या बापाला जो फोन करतो, तो ‘कळवतो’ म्हणता येत नाही. तो तिला हवाली करतो. पुढं जे घडेल त्यातला आपला वाटा त्यानं ओळखावा.

कायद्याच्या बाजूनं पाहिलं तर सज्ञान बाईचं लग्न ही घरच्यांच्या परवानगीची बाब नाही, हे सर्वोच्च न्यायालयानं २७ मार्च २०१८ रोजी शक्तिवाहिनी खटल्यात लख्ख सांगितलं. प्रत्येक जिल्ह्यात विशेष कक्ष, सुरक्षित निवारा, असे आदेशही दिले. महाराष्ट्र शासनाची कार्यपद्धती निघायला डिसेंबर २०२४ उजाडला. नोंदणी विवाह करायला जावं तर १९५४ चा विशेष विवाह कायदा तीस दिवसांची नोटीस कचेरीच्या फलकावर लावायला सांगतो. मोठ्या शहरात तो फलक कुणी वाचत नाही. आपल्याकडे वाचणारी माणसं ठेवलेली असतात. या फलकावर आक्षेप घ्यायला जात हे कारण चालत नाही. वय, आधीचं लग्न, निषिद्ध नातं, मानसिक क्षमता एवढीच कारणं कायद्यात आहेत. पण आक्षेप घ्यायची गरजच कुणाला आहे? पत्ता कळला की काम झालं.

नोकरी आणि बाईचं खासगी आयुष्य यांचा झगडा जुनाच आहे. लग्न झालं की बाईनं राजीनामा द्यायचा, ही मुंबईतल्या एका औषध कंपनीची अट सर्वोच्च न्यायालयानं १९६५ साली रद्द केली; लढली होती बॉम्बे लेबर युनियन. परराष्ट्र सेवेतल्या बाईनं लग्नाआधी सरकारची लेखी परवानगी घ्यायची, या नियमावर सी. बी. मुथम्मा यांनी १९७९ साली न्यायालयाकडून कोरडे ओढवले. १९८१ साली हवाई सुंदरींच्या खटल्यात गरोदर राहिली की नोकरी संपली हा नियम गेला. नोकरीच्या पहिल्या चार वर्षांत लग्न करायचं नाही ही अट मात्र न्यायालयाला रास्त वाटली. तेव्हा निदान नियम कागदावर होते, म्हणून त्यांना आव्हान देता आलं. अकरा महिन्यांच्या कंत्राटावरच्या नर्सला कोणता नियम दाखवतात? तिचं कंत्राट फक्त पुढं चालू होत नाही. तोंडी सांगतात, ‘आता गरज नाही.’

आता आपल्या घरातलं बोलू. आपल्या संघटनांनी छळाविरुद्धची शिबिरं शेकड्यांनी घेतली. चांगला स्पर्श, वाईट स्पर्श, तक्रार कुठं करायची, सगळं सांगितलं. या शिबिरांत प्रेम हा शब्द किती वेळा येतो? आला तर इशारा म्हणून येतो. ‘नोकरीवर लक्ष द्या, असल्या फंदात पडू नका.’ यामागं आपल्या कार्यकर्त्या एक कारण देतात, आणि ते पोकळ नाही. एकीची भानगड झाली की त्या गावातल्या दहा मुलींची नोकरी बंद होते. हे मी डोळ्यांनी पाहिलं आहे. पण मग आपण त्या दहा बापांबरोबर एक अलिखित करार करतो आहोत : तुम्ही मुलींना पाठवा, त्यांच्या मनावर आम्ही लक्ष ठेवतो. हा करार करणारी संघटना कोणत्याही क्षणी मुलीच्या विरुद्ध उभी राहू शकते. आणि अशा करारावर मिळालेली नोकरी काढून घ्यायला प्रेमाचीही गरज लागत नाही, अफवा पुरते. त्या डाळ मिलच्या बाईला कोणाशी प्रेम होतं?

प्रेम म्हटलं की सगळं माफ, असं माझं म्हणणं नाही. वरच्या जागेवरचा पुरुष आणि हाताखालची बाई यांच्यातल्या ‘हो’कडे मी दहादा पाहते. बढती, ड्यूटीचा तक्ता, कंत्राटाचं नूतनीकरण ज्याच्या हातात आहे त्याला नाही म्हणणं महाग पडतं, आणि महाग पडतं म्हणून दिलेलं ‘हो’ हे हो नव्हे. लग्नाच्या किंवा बढतीच्या खोट्या वचनावर शरीरसंबंध ठेवणं १ जुलै २०२४ पासून लागू झालेल्या भारतीय न्याय संहितेच्या कलम ६९ खाली गुन्हा आहे, हेही सांगायला हवं. मात्र प्रत्येक मोडलेलं प्रेम या कलमात कोंबायला घरचे पुढं होतील, याचीही जाण ठेवायला हवी. पुष्कळदा साहेब लग्न झालेला असतो. २०१८ पासून व्यभिचार हा गुन्हा राहिलेला नाही. त्याच्या बायकोचा प्रश्न खरा आहे, तिची फसवणूक खरी आहे, पण तो सोडवायला दुसऱ्या बाईची रोजीरोटी काढून घ्यायची हा कुठला न्याय? जिथं वरिष्ठ-कनिष्ठ असं नातं आहे तिथं वरिष्ठानं ते सांगावं, तिच्या कामाचं मूल्यमापन दुसऱ्याकडं द्यावं, आणि कुणाला हलवायचंच असेल तर त्याला हलवावं. आजवर मी पाहिलेल्या प्रत्येक प्रकरणात बदली बाईचीच झाली. कायदा म्हणतो, चौकशी चालू असताना बदली करायची तर ती बाईच्या लेखी विनंतीवरून.

मैत्रिणींनो, दहा किंवा जास्त कर्मचारी असलेल्या प्रत्येक जागी अंतर्गत समिती हवी आणि तिच्यात बाहेरची एक सदस्य हवी. दहापेक्षा कमी असतील, किंवा तक्रार खुद्द मालकाविरुद्ध असेल, तर जिल्ह्याची स्थानिक समिती आहे. या बाहेरच्या खुर्च्यांवर आपल्यातल्या अनेकजणी बसतात. चहा घेऊन सही करून उठायचं हे थांबवता येतं. तक्रार बाईची आहे का, हे आधी विचारा. बापाची, नवऱ्याची, ‘स्टाफमधल्या काही जागरूक नागरिकांची’ असेल तर ती परत पाठवा. आजारपणासारखे मोजके अपवाद नियमांत दिलेत, त्यांत भावाचा राग येत नाही. तिला एकटीला भेटा, भावाला बाहेर बसवा. ‘संबंध होते का’ हे विचारू नका, ‘नको होतं का, कधीपासून नको होतं’ हे विचारा, कारण कालचं ‘हो’ आजच्या ‘नाही’ला रद्द करत नाही. आरोप सिद्ध झाला नाही म्हणजे तक्रार खोटी ठरत नाही, हे कायद्यात लिहिलेलं आहे, ते वाचून दाखवा. कलम १६ खाली तिचं नाव बाहेर जाता कामा नये. घरी फोन करणं हेही बाहेर जाणंच आहे, हे इतिवृत्तात नोंदवून घ्या.

आणि जी कामावरून काढली गेली, प्रेमापायी असो की छळापायी, तिच्यासाठी दोन कागद आणि एक रक्कम मागा : अनुभवाचं प्रमाणपत्र, काढल्याचं लेखी कारण, आणि राहिलेल्या दिवसांचा पगार. ‘भानगड’ हा शब्द लेटरहेडवर लिहायची हिंमत अजून एकाही संस्थेनं केलेली मी पाहिलेली नाही. त्या नर्सचे सव्वीस दिवसांचे पैसे अजून यायचे आहेत.